बांबूला भुंगा, व्यापाराला तोटा

कडेगावच्या कारागिरांनी आणि वखारवाल्यांनी ध्यानात ठेवावे असे काही

बांबू, लाकूड आणि फळबाग या तीन गोष्टींवर आपल्या समाजातील कितीतरी घरांची चूल पेटते. लाकडाची वखार चालविणारे, सुतारकाम करणारे, मंडपवाले, शिड्या व टोपल्या विकणारे, आंब्याच्या बागा मोहरावरच ठेक्याने घेणारे बागवान, फळांची खोकी ठोकणारे कारागीर, अशी ही यादी बरीच लांबविता येईल. या सर्वांच्या धंद्यात एक भागीदार असा असतो की ज्याला कोणीही भागीदारीत घेतलेले नसते. तो भांडवल घालत नाही, कष्ट करीत नाही, पण आपला वाटा मात्र न चुकता उचलतो. हा भागीदार म्हणजे भुंगा.

सांगली जिल्ह्यातील कडेगावचा विचार या बाबतीत मुद्दाम करायला हवा. मोहरममधील गगनचुंबी ताबुतांमुळे या गावाचे नाव महाराष्ट्रभर झाले आहे. दीडशे वर्षांहून जुन्या या परंपरेत मुसलमान आणि हिंदू अशा दोन्ही समाजांची घराणी मानकरी आहेत. शंभर फुटांच्या आसपास व त्याहूनही उंच जाणारे हे ताबूत बांबूंवर उभे राहतात आणि माणसांच्या खांद्यावर निघतात. म्हणजे येथे बांबू हा केवळ विक्रीचा माल राहत नाही. त्याच्या मजबुतीवर खाली उभ्या असलेल्या माणसांची सुरक्षितता अवलंबून असते. शिडीचा एक दांडा मोडला तर एक माणूस पडतो. उंच बांधणीतला बांबू आतून पोकळ निघाला तर काय होईल, हे सांगायला नको.

शत्रूची ओळख

लाकूड खराब झाले की आपल्याकडे सरसकट ‘वाळवी लागली’ असे म्हणतात. हे बरोबर नाही. वाळवी जमिनीतून मातीच्या नळ्या करीत वर चढते आणि खाल्लेल्या जागी माती भरते. भुंगा मातीचे काम करीत नाही. तो टाचणीच्या डोक्याएवढे गोल छिद्र पाडतो आणि त्यातून मैद्यासारखे बारीक, फिकट पिवळसर पीठ खाली सांडते. सकाळी वखारीत झाडू मारताना बांबूच्या मोळीखाली असे पीठ दिसले तर समजावे की आत काम सुरू झाले आहे. वाळवी आणि भुंगा यांचे उपाय वेगवेगळे असल्यामुळे आधी ही ओळख पटली पाहिजे. एकाचे औषध दुसऱ्याला लावून पैसा वाया जातो.

बांबूवर येणाऱ्या मुख्य भुंग्याला शास्त्रज्ञ डायनोडेरस म्हणतात. तो जेमतेम तीन मिलिमीटर लांबीचा, काळपट तपकिरी आणि नळीसारख्या आकाराचा असतो. बांबूची बाहेरची साल फार कठीण असते, तिच्यातून शिरणे त्याला जड जाते. म्हणून तो कापलेल्या टोकातून, फांद्या छाटलेल्या गाठींच्या जखमांतून किंवा चिरलेल्या बांबूच्या आतल्या मऊ बाजूने शिरतो. मादी आत अंडी घालते, अळ्या आतल्या आत पोखरत जातात आणि उष्ण हवेत साधारण दोन महिन्यांत नवी पिढी बाहेर पडते. अशा अनेक पिढ्या वर्षभरात होतात. वरची साल मात्र शेवटपर्यंत शाबूत दिसते. गिऱ्हाईक फसते ते येथेच, आणि पुष्कळदा व्यापारी स्वतःही फसतो. सबंध बांबूपेक्षा कामट्यांना कीड लवकर लागते, कारण चिरताना आतली मऊ बाजू उघडी पडते. ताबूत, ताट्या व टोपल्यांचे काम करणाऱ्यांनी हे विशेष लक्षात घ्यावे.

भुंगा कशासाठी येतो?

भुंग्याला बांबूची कठीण काडी नको असते. त्याला हवा असतो आतला स्टार्च, म्हणजे पिठूळ अंश. हा अंश ज्या बांबूत जास्त त्या बांबूला कीड जास्त, असा सरळ हिशोब आहे. आता हा अंश केव्हा वाढतो ते पाहू. बांबूच्या बेटाला पावसाळ्यात नवे कोंब फुटतात. पाहता पाहता वाढणाऱ्या या कोंबांना अन्न पुरवावे लागते आणि त्याची साठवण जुन्या बांबूंमध्ये आधीपासून होत असते. त्यामुळे उन्हाळ्यात, पावसाच्या तोंडावर, बांबू पिठूळ अंशाने भरलेला असतो. पावसाळा संपेपर्यंत ही शिल्लक कोंबांवर खर्च होते. म्हणून पावसाळ्यानंतर, विशेषतः नोव्हेंबर ते जानेवारी या काळात तोडलेला बांबू टिकतो आणि मार्च ते मे या काळात तोडलेला बांबू लवकर किडतो.

अमावास्येच्या सुमारास तोडलेल्या बांबूला कीड लागत नाही, असे जुने कारागीर सांगतात. चंद्राच्या कलांचा किती परिणाम होतो याबद्दल तज्ज्ञांचे एकमत नाही. ऋतूबद्दल मात्र जुने जाणते आणि आजचे तज्ज्ञ एकाच बाजूला आहेत. बांबूचे वयही पाहावे लागते. तीन ते चार वर्षांचा पक्का बांबू घ्यावा. कोवळा बांबू स्वस्त मिळतो, पण वाळताना सुरकुततो आणि कामाचा राहत नाही.

सण चंद्रावर, तोड सूर्यावर

येथेच कडेगावची खरी अडचण आहे आणि तिचा विचार फारसा होत नाही. मोहरम चांद्र कालगणनेने येतो, त्यामुळे तो दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो. बांबूचे चक्र मात्र पावसावर चालते आणि पाऊस सूर्यावर चालतो. सुमारे तेहतीस वर्षांत मोहरम सर्व ऋतूंतून एक फेरी पूर्ण करतो. 2009 आणि 2010 साली आशुराचा दिवस डिसेंबरात आला होता. त्या वर्षी हंगामातला ताजा बांबू आणणेही सोयीचे होते. 2025 साली तो जुलैच्या पहिल्या आठवड्यात आला. हिशोबाने 2029 आणि 2030 साली तो मे महिन्यात येईल. ताबुतांच्या बांधणीला बकरी ईदच्या सुमारास हात लागतो, म्हणजे त्या वर्षांत बांबू एप्रिलमध्येच हाताशी लागेल.

म्हणजेच येत्या काही वर्षांत मागणीचा काळ आणि बांबू सर्वांत जास्त किडण्याचा काळ एकत्र येणार आहेत. बांधणीच्या आधी पंधरा दिवस जाऊन मिळेल तो ओला बांबू गाडीत भरून आणला, तर तो भुंग्याला मेजवानी देण्यासाठी आणल्यासारखे होईल. त्या वर्षाचे काम कदाचित निभावेल, पण तोच बांबू जपून पुढच्या वर्षी वापरायचा म्हटले तर दगा होईल.

यावर उपाय एकच. सण कोणत्याही महिन्यात येवो, बांबूची खरेदी हिवाळ्यातच करावी. डिसेंबर-जानेवारीत माल उचलून तो नीट वाळवून ठेवणारा व्यापारी पुढचे वर्षभर बाजारात ताठ मानेने उभा राहू शकेल. मंडपवाले, टोमॅटोच्या काठ्या घेणारे शेतकरी, शिड्या करणारे कारागीर या सर्वांनाही हेच लागू आहे. यासाठी भांडवल काही महिने अडकते, हे खरे. पण अडकलेले भांडवल परत येते, पिठात गेलेले येत नाही.

पुरवठ्याच्या बाबतीत आता एक सोयही झाली आहे. 2017 साली भारतीय वन कायद्यात दुरुस्ती होऊन वनक्षेत्राबाहेर वाढलेला बांबू ‘वृक्ष’ या व्याख्येतून वगळण्यात आला. शेतकऱ्याने आपल्या रानात लावलेला बांबू तोडणे व विकणे त्यामुळे सोपे झाले. कडेगाव परिसरातील व्यापाऱ्यांनी शेतकऱ्यांशी आधी बोलणी करून ‘हिवाळ्यातच तोड’ अशी अट घातली तर दोघांचाही फायदा आहे.

तोट्याचा हिशोब

शंभर बांबूंच्या गाडीत दहा खराब निघाले तर ‘दहा टक्के गेले’ असे आपण म्हणतो. पण गाडीची सगळी रक्कम आता नव्वद बांबूंवर बसते, म्हणजे प्रत्येक चांगला बांबू 11 टक्क्यांनी महाग पडला. वीस खराब निघाले तर उरलेला माल 25 टक्क्यांनी महाग पडतो. भाडे, हमाली आणि वखारीची जागा हे सगळे खराब मालावरही खर्च झालेलेच असते. उन्हाळ्यात स्वस्त मिळालेल्या बांबूचा भाव हा हिशोब करूनच पाहावा. पुष्कळदा हिवाळ्यातला महाग बांबूच शेवटी स्वस्त पडतो.

साधे आणि परवडणारे उपाय

पहिला उपाय पाण्याचा. तोडलेला बांबू एक ते तीन महिने ओढ्यात, तळ्यात किंवा हौदात बुडवून ठेवला की आतला पिठूळ अंश बराचसा पाण्यात उतरतो. बांबू तरंगू नये म्हणून वर दगड ठेवावेत. साठलेल्या पाण्याला दुर्गंधी येते, त्यामुळे हौद वस्तीपासून दूर असावा आणि पाणी अधूनमधून बदलावे. नंतर बांबू सावलीत वाळवावा. कडक उन्हात टाकला तर तो तडकतो आणि तडा म्हणजे भुंग्याला दार उघडून देणे होय.

दुसरा उपाय बोरॅक्स आणि बोरिक अ‍ॅसिडचा. 100 लिटर पाण्यात 3 किलो बोरॅक्स आणि 2 किलो बोरिक अ‍ॅसिड विरघळवून पाच टक्क्यांचे द्रावण तयार होते. सबंध बांबू असेल तर आतल्या गाठींचे पडदे लांब सळईने फोडून घ्यावेत, म्हणजे द्रावण आतपर्यंत पोहोचते. कामट्या असतील तर त्या सरळ बुडवाव्यात. साधारण आठवडाभर बुडवून नंतर सावलीत वाळवावे. काम करताना हातमोजे घालावेत आणि द्रावण लहान मुलांच्या व जनावरांच्या तोंडी जाऊ देऊ नये. खाद्यपदार्थांच्या टोपल्यांसाठी हा उपाय वापरू नये, तेथे पाण्याचाच उपाय बरा. बोरॅक्स पावसात धुऊन जाते, म्हणून उघड्यावर राहणाऱ्या मालाला हे संरक्षण फार दिवस पुरत नाही.

काही ठिकाणी बांबूला डिझेल किंवा रॉकेल चोळतात. ताबूत, मंडप अशा जागी रोषणाई असते, विजेच्या तारा असतात. तेथे तेल प्यालेला बांबू वापरणे म्हणजे आगीला आमंत्रण देणे आहे. हा प्रकार टाळावा. जुन्या घरांत चुलीच्या धुराखालचे आढ्याचे बांबू पिढ्यान्‌पिढ्या टिकलेले दिसतात. धूर देण्याची ती जुनी रीत मात्र खरी उपयोगी आहे.

वखारीची शिस्तही तितकीच महत्त्वाची. बांबू जमिनीवर न टाकता विटांवर किंवा ओंडक्यांवर रचावेत, वर छप्पर असावे, मधून वारा खेळावा. नवा माल जुन्या मालाला लावून ठेवू नये. पीठ सांडणारा बांबू दिसताच वेगळा काढावा आणि जाळून टाकावा. ‘असू दे, कुठेतरी कामाला येईल’ म्हणून ठेवलेला तो एक बांबू सगळ्या थप्पीला कीड लावतो. गेल्या वर्षीचे बांबू पुन्हा बांधणीत घेण्याआधी प्रत्येक बांबू दगडावर आपटून पाहावा. आपटल्यावर पीठ उडाले किंवा आवाज फुटका आला, तर तो वजन पेलण्याच्या जागी अजिबात लावू नये.

सुतार बांधवांसाठी

बांबूप्रमाणे लाकडाचेही आहे. गाभ्याबाहेर जे पांढरे लाकूड असते त्यात पिठूळ अंश असतो आणि पीठ पाडणारे भुंगे त्यालाच लागतात. सागाचा गाभा ते खात नाहीत, पण सागाच्या पांढऱ्या भागाला सोडत नाहीत. आंबा, सावर, रबर अशा लाकडांत तर धोका फार. ‘सागवानी’ म्हणून विकलेल्या खाटेला दोन वर्षांत छिद्रे पडली, तर पुष्कळदा कारागिराने पांढरी पट्टी आत वापरलेली असते. ओंडका घेतल्यावर साल काढून तो लवकर चिरून घ्यावा. सालीसकट महिनोन्‌महिने पडलेला ओंडका हे भुंग्यांचे माहेरघर असते.

लांब शिंगांच्या भुंग्यांच्या काही जाती याहून चिवट असतात. त्यांची अळी वाळलेल्या लाकडात अनेक वर्षे राहते आणि तयार फर्निचर गिऱ्हाइकाच्या घरात गेल्यावर तेथून भुंगा बाहेर पडतो. म्हणून छिद्र दिसताच त्यात मेण किंवा लांबी भरून वर पॉलिश करणे हा धंदा नव्हे. छिद्र बुजते, पण आतली अळी जिवंत राहते, आणि पीठ सांडू लागले की कारागिराचे नाव जाते. मालात दोष असेल तर तो सांगून कमी भावात विकावा. इमारती लाकडाच्या जपणुकीसाठी भारतीय मानक 401 उपलब्ध आहे. मोठी कामे घेणाऱ्यांनी ते जरूर पाहावे.

बागवान बांधवांसाठी

जिवंत झाडावरचा भुंगा वेगळा. आंब्याच्या खोडातील भुंगा दोन इंचांच्या आसपास लांब, करड्या रंगाचा असतो. मादी सालीखाली अंडी घालते आणि जाडजूड पांढरी अळी खोड पोखरते. खोडाच्या छिद्रातून ओलसर भुसा बाहेर येतो, फांदी सुकते आणि दुर्लक्ष झाले तर सबंध झाड जाते. बाग ठेक्याने घेताना आपण मोहर पाहतो, वर पाहतो. त्याचबरोबर बुंध्याशी वाकूनही पाहावे. भुसा दिसला तर सौद्यात त्याचा विचार करावा आणि मालकालाही सांगावे. उपाय जुनाच आहे. लवचिक तारेने छिद्र साफ करून अळी मारावी, शेतकी अधिकाऱ्यांनी सांगितलेल्या औषधाचा बोळा आत घालावा आणि छिद्र चिखलाने लिंपावे.

सांगलीच्या द्राक्षबागांतही खोड पोखरणारे भुंगे आढळतात, विशेषतः जुन्या बागांत. सुटी झालेली साल काढणे आणि छाटलेल्या सुक्या काड्या बागेत पडू न देणे, ही पहिली काळजी.

येथे एक घोटाळा दूर करावा. पहिल्या वळवाबरोबर संध्याकाळी कडुनिंबावर आणि बाभळीवर जे तपकिरी भुंगे गोळा होतात ते हुमणीचे. ते लाकूड पोखरत नाहीत, पाला खातात, आणि त्यांची अळी जमिनीत उसाची मुळे खाते. गावाने मिळून त्या काही संध्याकाळी फांद्या हलवून भुंगे गोळा करून मारले, तर उसाचे पुढचे नुकसान पुष्कळ टळते. एकट्याने केलेला उपाय अपुरा पडतो, कारण भुंगा बांध ओळखत नाही.

जंगलाचा धडा

कडेगाव तालुक्यातच देवराष्ट्रेजवळ सागरेश्वर अभयारण्य आहे. उघड्या डोंगरावर माणसांनी झाडे लावून उभे केलेले हे जंगल 1985 साली अभयारण्य झाले. अशा जंगलात पडलेले सुके लाकूड पोखरून त्याची माती करणे हे भुंग्याचे नेमून दिलेले काम आहे आणि पक्षी त्याच्या अळ्यांवर जगतात. झाडे अशक्त झाली किंवा भुंगा परक्या मुलखात गेला, की मात्र चित्र पालटते.

मध्य प्रदेशातील साल वृक्षांच्या जंगलात 1990 च्या दशकाच्या अखेरीस खोड पोखरणाऱ्या भुंग्याची साथ आली आणि लाखो झाडे तोडावी लागली. हा भुंगा सालाच्या ताज्या चिकाच्या वासाने ओढला जातो. म्हणून काही ओंडके मुद्दाम ठेचून ठेवतात, चिकावर जमलेले भुंगे वेचतात आणि मारतात. अमेरिकेत 1996 साली न्यूयॉर्कमध्ये सापडलेला लांब शिंगांचा आशियाई भुंगा मालाच्या लाकडी खोक्यांतून आला होता. 2002 साली मिशिगनमध्ये आढळलेल्या दुसऱ्या एका हिरव्या भुंग्याने अ‍ॅश जातीची कोट्यवधी झाडे मारली.

या घटनांचा आपल्या खोकी ठोकणाऱ्या कारागिरांशी थेट संबंध आहे. 2002 साली एक आंतरराष्ट्रीय नियम झाला. त्यानुसार परदेशी जाणाऱ्या मालाची लाकडी खोकी व पॅलेट यांचे लाकूड गाभ्यापर्यंत 56 अंश सेल्सिअसला किमान 30 मिनिटे तापवून किंवा मान्य धुरी देऊन त्यावर शिक्का मारावा लागतो. शिक्का नसेल तर परक्या बंदरातून माल परत येऊ शकतो. सांगली-मिरज परिसरातून निर्यात करणाऱ्यांना पॅकिंग पुरविणाऱ्यांनी प्रक्रिया करून देणाऱ्या मान्यताप्राप्त केंद्राशी संबंध जोडावेत. साधी खोकी करणाऱ्याला मजुरी मिळते, शिक्क्याची खोकी देणाऱ्याला कायमचे गिऱ्हाईक मिळते.

संस्कृतात ‘घुणाक्षर न्याय’ म्हणतात. लाकूड पोखरता पोखरता किड्याच्या हातून एखादे अक्षर उमटते, त्यात त्याचे कर्तृत्व काही नसते. बांबू-लाकडाचा आपला व्यापार बराचसा याच न्यायाने चालला आहे. माल टिकला तर नशीब, किडला तरी नशीब. यंदा हिवाळ्यात मात्र कडेगावातील ताबुतांचे मानकरी, बांबूचे व्यापारी आणि मंडपवाले यांनी एकत्र बसून पुढच्या वर्षाची गरज मोजावी, तोड ठरवून घ्यावी आणि एखादा सामाईक हौद बांधावा. हौदाचा खर्च वाटून घेतला तर कोणालाच जड जाणार नाही. एका उन्हाळ्यात वाचलेल्या बांबूंतून त्याचा मोठा भाग भरून निघेल, आणि खांद्यावर ताबूत घेणारी माणसे निर्धास्त चालतील.